मिटल्या डोळ्यांची माणसं

ब्रॅम्पटन,
आगमनकाळाचा पहिला रविवार

प्रिय ॲली,

पाकिटावर माझं अक्षर बघून तू घाबरशील, म्हणून पहिल्याच ओळीत लिहिते की मी बरी आहे. म्हणजे आताशा जितकी बरी असते तितकी. मंगळवार, गुरुवार, शनिवार डायलिसिसच्या मशीनला जोडलेली असते आणि उरलेले दिवस डॉमनिकच्या डोक्याला ताप. त्याने यंदा विंटर टायर्स पहिल्या बर्फाआधी लावले आणि तेव्हापासून शेजाऱ्यापाजाऱ्यांना वेळेचं महत्त्व शिकवतो आहे. केळ्यांचं तेवढं मला अजून जमत नाही. वसईची बाई, बापाची केळीची वाडी, आणि इथली डाएटिशियन पोरगी मला सांगते की आंटी, बनाना इज नॉट युवर फ्रेंड. मी तिला म्हटलं, अगं, माझ्या बाळपणी केळं सोडून दुसरा फ्रेंड होता कुठे? ती पोट धरून हसली, पण केळं काही तिने मंजूर केलं नाही. आता तू म्हणशील, फोन असताना हे पत्राचं काय काढलंस. त्याला कारण आहे. सांगते, पण माझ्या वर्गात बसलीस तर माझ्या क्रमाने ऐकावं लागेल.

ऑक्टोबरमधल्या थँक्सगिव्हिंगच्या जेवणापासून सुरुवात करायला हवी. तू सस्काटूनहून आलीस, टोरोंटोत तुझं प्रदर्शन उघडायचं होतं, आणि डॉमनिकने सकाळपासून बाटली मसाल्यातलं मटण शिजत ठेवलं होतं. पहिला घास घेतल्यावर तू म्हणालीस, “बाय, माझ्या टेस्ट्स झाल्यात. मॅच आहे मी. दे हॅव अप्रूव्ह्ड मी ॲज अ डोनर.” जशी काही लायब्ररीची मेंबरशिप मिळाली होती. मला न विचारता, न सांगता, तू तिकडे सस्काटूनमध्ये रक्त दिलंस, स्कॅन केलेस, आणि इथे येऊन ताटासमोर निकाल सांगितलास. माझा तोल गेला. “मला कुणाचा बळी नको,” असं मी म्हटलं, आणि तेही ओरडून. जिचं अर्धं आयुष्य जुन्या दगडांवरून बळी या शब्दाचा अर्थ लावण्यात गेलं, तिच्या तोंडावर मी तो शब्द चमचा आपटावा तसा आपटला. तू फक्त “ओके” म्हणालीस आणि कोट घातलास. आपल्या घरात भांडणं रडून संपली आहेत, जेवून संपली आहेत, ओके म्हणून एकही संपलेलं नाही. तेव्हापासून तुझा फोन नाही आणि माझाही नाही.

माझा नकार तुला कळला नसेल असं नाही. आई गेली तेव्हा तू चार वर्षांची होतीस आणि मी सोळा. तुझ्या वेण्या मी घातल्या, तुझ्या डोक्यातल्या उवा मी काढल्या, तुझ्या पहिल्या कम्युनियनचा फ्रॉक माझ्या पहिल्या पगारातून शिवला. आम्हाला मूल झालं नाही, आणि डॉमनिक म्हणतो तसं, झालं नाही असं तरी कसं म्हणायचं. मग जिला वाढवलं तिलाच टेबलावर निजवून तिच्या अंगातलं काढून घ्यायचं? डॉमनिकची गोष्ट वेगळी होती, तो नवरा. त्याने किडनी द्यायची तयारी दाखवली तेव्हा मी एका शब्दाने अडवलं नाही. त्याच्या शुगरमुळे त्यांनी पहिल्याच फोनवर त्याला नाही म्हटलं आणि तो आठवडाभर परीक्षेत नापास झाल्यासारखा तोंड पाडून बसला. यादीत माझं नाव आहे, पण यादी लांब आहे, आणि गेल्या महिन्यात डॉक्टरांनी स्वच्छ सांगितलं की माझं हृदय थकायला लागलंय, यादीच्या भरवशावर फार थांबू नका. हे मी तुला कळवलं नव्हतं. आज कळवते आहे.

तर, प्रदर्शन. तू परत गेलीस, पण तुझ्या प्रदर्शनातली माणसं टोरोंटोतच राहिली होती, फ्रिजवर तू लावून गेलेलं पोस्टर मला रोज दूध काढताना दिसत होतं. पोस्टरवरचा तो बुवा, एक पाय वर, हात लुळे, डोळे मिटलेले. मी त्याच्याकडे पाठ करून चहा करत होते. मग प्रदर्शनाच्या शेवटच्या रविवारी चर्चमध्ये मिस्सा झाल्यावर डॉमनिक म्हणाला, “रोझी, ती बोलत नाही तर नाही, तिच्या पाव्हण्यांना तरी भेटून येऊ.” डाउनटाउनमध्ये गाडी चालवायची त्याची तयारी नव्हती, म्हणून गो ट्रेन, मग स्ट्रीटकार. मी सगळ्या वाटेवर कपाळाला आठ्या घालून बसले होते, हे तो तुला सांगेलच.

ॲली, मला वाटलं होतं काचेच्या कपाटात मातीची भांडी असतील आणि शेजारी कंटाळवाणी लेबलं. दार उघडून आत गेले आणि भिंतीवर ही एवढी माणूसभर उंचीची माणसं. दगड नाहीत, दगडांवरून साच्यात काढलेल्या प्रतिकृती आहेत, खरे दगड मेक्सिकोतल्या त्या डोंगरावरच असतात, हे तू दारातच लिहिलं होतंस. तरी माझे पाय थांबले. तिथल्या झापोटेक नावाच्या लोकांनी डोंगराचा माथा सपाट करून शहर वसवावं, आणि दोन हजार वर्षांपूर्वी, त्याही आधी, तिथल्या भिंतीत अशी तीनशेच्या वर माणसं कोरून बसवावीत. लोखंड नाही, छिन्नी नाही, दगडाने दगड घासायचा आणि ठोकायचा. मी इतकी वर्षं फळ्यावर खडूने माणूस काढला, माझा प्रत्येक माणूस झाडू दिसायचा. इथे कुणीतरी मानेपासून कमरेपर्यंत एक रेघ ओढली आहे, एकच, आणि त्या रेघेत पाठीचं सगळं वजन आहे. पोटाची वळी दोन रेघांत. म्हाताऱ्याचं दाढी राखलेलं बोळकं तोंड, तरुणाचे जाड ओठ, कुणाच्या कानात मोठाली कर्णभूषणं. एकाचा चेहरा दुसऱ्यासारखा नाही. जिथे “हात लावा” असं लिहिलं होतंस तिथे मी हात लावला आणि पाठीची ती रेघ बोटाने वरपासून खालपर्यंत गिरवली. मग पुन्हा गिरवली. मागे एक शाळकरी मुलगी थांबली होती, तिने घसा खाकरला तेव्हा बाजूला झाले.

तुझी लेबलं मी एकूण एक वाचली, मास्तरणीच्या नजरेने. एका ठिकाणी स्वल्पविराम जास्त आहे, बाकी उत्तम. डॉमनिकला मी मराठीत सांगत होते. आधी बघणाऱ्यांना वाटलं की ही माणसं नाचताहेत, म्हणून नावच पडलं नर्तक, आणि ते अजून सुटलेलं नाही. डॉमनिक म्हणाला, “नाचतायत? डोळे मिटून, तोंड वासून, असा नाच आपल्याकडे लग्नात रात्री दोननंतर.” मी त्याला गप्प केलं. मग कुणाला ती पोहणारी वाटली, कुणाला आजारी, कुणाला बाळंतीण. मग आले ते अभ्यासक, ज्यांनी म्हटलं की नीट बघा, हे मेलेले आहेत. लढाईत धरलेले, नागवे करून मारलेले शत्रू. त्या मुलखात नागवं करणं म्हणजे पुरा अपमान. मांड्यांच्या मधे जी वेलबुट्टी दिसते ती वेलबुट्टी नसून रक्त आहे. इथे डॉमनिकने टोपी काढली, आणि मीही पुढचं लेबल वाचायला वेळ घेतला. पुढच्या लेबलवर तू लिहिलं होतंस की अलीकडे काहीजण वेगळंच म्हणतात. ही माणसं कैदी नसतीलही. ती गावातली मानाची माणसं असतील, वयाच्या पायरीप्रमाणे रांगेत उभी असलेली, आणि रक्त त्यांनी स्वतःच काढलं असेल, आपल्या हाताने, पूर्वजांना हाक मारायला, आपल्या लोकांसाठी. कुठून काढलं ते मी इथे लिहीत नाही, तू लेबलवर लिहिलंच आहेस, आणि मी डॉमनिकला भाषांतर करून सांगितलं नाही. शेवटी तुझं वाक्य होतं की खात्रीने कुणालाच माहीत नाही. एवढं शिकून, एवढी वर्षं त्या डोंगरावर उन्हात बसून, मोठ्या अक्षरांत “माहीत नाही” लिहिणारी बाई मी वाढवली आहे, याचा मला तिथे उभ्या उभ्या इतका अभिमान वाटला की आठ्या कुठच्या कुठे गेल्या.

आता पुढचं वाचून हसू नकोस. कोपऱ्यात तो एक होता, पोस्टरवरचा नव्हे, दुसरा, ज्याच्या तोंडाशेजारी खुणा कोरल्या आहेत आणि तू लिहिलंस की त्या बहुधा त्याचं नाव असाव्यात. वरून त्याच्यावर दिवा सोडला होता. उघडा देह, मिटलेले डोळे, कमरेखाली रक्त, आणि डोक्याजवळ नाव. त्याच्यासमोर उभी राहिले आणि माझा हात आपोआप क्रुसाची खूण करायला वर गेला. कपाळ, छाती, डावा खांदा, उजवा खांदा. गुडघाही वाकला. पुरती अर्धी खाली गेले असेन तेव्हा डॉमनिकने दंडाला धरलं, डायलिसिसच्या सुया टोचायचा फिस्टुला नसलेल्या दंडाला, आणि कुजबुजला, “रोझी, देऊळ नाय ते!” पगडीवाला सिक्युरिटी गार्ड धावत आला, “आंटीजी, आप ठीक हैं?” म्हणून खुर्ची घेऊन. मी लाजेने लाल झाले आणि खुर्चीवर बसले. आणि बसल्यावर मला समजलं की मी वेड्यासारखं काही केलं नव्हतं. माझ्या हाताने जे ओळखलं ते बरोबर ओळखलं होतं.

तुला आठवत नसेल, सहा वर्षांची होतीस. गुड फ्रायडेला आपल्या देवळात क्रुसावरून प्रभूचा लाकडी देह खाली उतरवत होते, हात खांद्याशी मिटतात तो जुना पुतळा. आणि तू खणखणीत आवाजात विचारलंस, “बाय, याचे कपडे कोणी काढले?” मी तुझ्या तोंडावर हात ठेवला, तू तो चावलास, आणि दुसरा प्रश्न विचारलास, “मग वर नाव कशाला लिहिलंय?” पुढच्या बाकावरच्या म्हाताऱ्यांनी मागे वळून जो कटाक्ष टाकला तो मला सोळा वर्षं पुरला. घरी येईपर्यंत तू विचारत होतीस. बाप म्हणाला, पोरीला फार डोळे आहेत. तुझे ते डोळे तुला वसईहून त्या परक्या डोंगरावर घेऊन गेले, मी नाही. मी तर तुला बँकेच्या परीक्षेला बसवणार होते, देवाने वाचवलं.

त्या खुर्चीवर बसून मला वाटलं की कैदी म्हणणारे आणि मानाची माणसं म्हणणारे, दोघांचं भांडण मला चांगलं ठाऊक आहे. मी लहानपणापासून त्या भांडणाच्या मधोमध गुडघे टेकत आले. आपल्या प्रभूला उघडं केलं ते हिणवायलाच. नावाची पाटी ठोकली तीही टिंगलीसाठी. रोमन शिपायाला विचारलं असतं तर तो म्हणाला असता, आम्ही याचा जीव घेतला. आपण म्हणतो, त्याने तो दिला. खिळे तेच, जखमा त्याच, लाकडाकडे कितीही वेळ बघितलं तरी घेतलं की दिलं ते लाकूड सांगत नाही. तुझे दगडही सांगत नाहीत. कोरणाऱ्याने देह इतका खरा कोरला आहे, वजन, म्हातारपण, वासलेलं तोंड, सगळं, पण त्या माणसाच्या मनात काय होतं ते त्यालाही कोरता आलं नाही. ते कळण्याचा रस्ता एकच होता, त्या माणसाला विचारायचं आणि तो काय म्हणतो ते ऐकून घ्यायचं. कुणीतरी विचारलं असेल अशी मी आशा करते.

आणि मग थँक्सगिव्हिंगचं टेबल डोळ्यांसमोर आलं. मी बळी म्हटलं ते तुझ्याकडे न बघता म्हटलं. माझ्या डोळ्यांपुढे चार वर्षांची पोर होती, हातपाय बांधलेली. समोर बसलेली बाई मला दिसलीच नाही, जिचे केस पिकायला लागलेत, जी विद्यापीठात पन्नास पोरांना दरडावते, आणि जी हिशेब करून, डॉक्टरांना प्रश्न विचारून, आपल्या पायांनी चालत त्या हॉस्पिटलात गेली होती. तिथे बसून मी तुझ्या माणसांकडे बघत होते आणि मनात तुझाच विचार करत होते. तू त्यांना कधी बिचारे म्हणत नाहीस. एका लेबलवरही नाही. मेलेले असतील, हरलेले असतील, तरी तू त्यांच्याबद्दल असं लिहितेस की ते खोलीत बसले आहेत आणि त्यांना ऐकू जातंय. पुढच्या काळातल्या लोकांनी यातले काही दगड काढून जिन्याच्या पायऱ्यांना वापरले, हे लिहितानासुद्धा तुझी भाषा चिडत नाही, फक्त कुठली पायरी ते सांगते. झापोटेक लोक अजून तिथे राहतात, आपली भाषा बोलतात, आणि तू त्यांचे आभार आधी मानलेस, प्रोफेसरांचे नंतर. हे सगळं मी तुला शिकवलेलं नाही. मला वाटत होतं की माझ्याकडे तुला देण्यासारखं होतं ते माझं देऊन झालं आहे आणि आता फक्त तू सुखरूप असावीस. तू माझ्याहून मोठी झाली आहेस हे माझ्या ध्यानातच आलं नव्हतं. निघताना अभिप्रायाच्या वहीत डॉमनिकने लिहिलं, “व्हेरी गुड, माय सिस्टर-इन-लॉ.” मी काही लिहिलं नाही, मला पानभर जागा पुरली नसती.

मंगळवारी डायलिसिसच्या वेळी मी ट्रान्सप्लांट कोऑर्डिनेटरला बोलावून घेतलं. अनन्या नाव तिचं, आईवडील नागपूरचे, मराठी सगळं समजतं पण उत्तर इंग्रजीत. मी तिला म्हटलं, माझ्या बहिणीला मी नाही म्हटलं होतं, ते मागे घ्यायचं आहे. मला वाटलं ती टाळ्या वाजवेल. ती खुर्ची ओढून बसली आणि तिने मला नियम समजावला. डोनरचे डॉक्टर वेगळे, माझे वेगळे. ऑपरेशनच्या दिवसापर्यंत डोनरला एकटीला बाजूला घेऊन पुन्हा पुन्हा विचारतात. कधीही, अगदी शेवटच्या सकाळीसुद्धा, ती नाही म्हणू शकते. का म्हणाली, हे ते पेशंटला कळू देत नाहीत. पेशंटला एवढंच सांगतात की हे जमणारं नाही. मी तिला पुन्हा विचारलं, खरंच कळू देत नाही? “नेव्हर, आंटी,” म्हणाली. माझी सुई काढून होईपर्यंत मी त्याचाच विचार करत होते. मला तो नियम फार आवडला, ॲली. कुणीतरी विचारतं. पुन्हा पुन्हा विचारतं.

म्हणून हे पत्र. फोन केला असता तर माझा लागलेला दम तुला ऐकू आला असता, आणि माझं वाक्य संपायच्या आत तू हो म्हणून मोकळी झाली असतीस. मला ते हो नको आहे. हे वाच, बाजूला ठेव, फिरायला जा, नदीवर जा, त्या भयंकर थंडीत. ऑक्टोबरमध्ये तू तयार होतीस म्हणून आता तयार असलंच पाहिजे असं काही नाही. मी जे बोलले त्यानंतर तर मुळीच नाही. तुझं मन बदललं असेल तर मला कळवू नकोस, त्यांना कळव. मला निरोप येईल की जमणारं नाही, आणि मी तो निरोप अक्षरशः खरा मानीन, नाताळला तुझ्यासाठी गोड कुलकुल्स तळीन, आणि मरेपर्यंत त्यावर एक शब्द विचारणार नाही. पण तुझ्याकडे कुणी मागितलं नव्हतं, हेही खरं आहे. तू द्यायला आलीस आणि मी ओरडले, मधे मागणं झालंच नाही. सोळाव्या वर्षापासून मी तुला सांगत आले, जेव, झोप, अभ्यास कर, स्वेटर घाल. तुझ्याकडे काही मागितल्याचं मला आठवत नाही. तरी मागते. ॲली, तुझी एक किडनी मला देशील का? मला अजून जगायचं आहे.

उत्तर काहीही येवो, तुझीच,
बाय